स्टोअरमध्ये काय असावं?

साखर कारखान्याबद्दल मराठीत पुष्कळ लिहिलं जातं. ऊसदर, उतारा, एफआरपी, निवडणुका, थकलेली कर्जं. कारखान्याच्या स्टोअरबद्दल मात्र कुणी लिहीत नाही. वास्तविक रात्री दोन वाजता मिल बंद पडली, तर वजनकाट्यापासून रस्त्यापर्यंत लागलेल्या गाड्या सकाळी रिकाम्या होणार की दोन दिवस उन्हात उभ्या राहणार, हे स्टोअरच्या रॅकवर काय आहे यावरच ठरतं. उत्पादनाचा कच्चा माल रोज येतो, रोज संपतो, त्याचा हिशेब सोपा. दुरुस्तीला लागणाऱ्या सुट्या भागांचं तसं नाही. कधी लागतील ते सांगता येत नाही, आणि लागतात तेव्हा त्याच तासाला लागतात.

पुढचा संवाद मी रचला आहे. मामा एका सहकारी कारखान्यात मिल फिटर म्हणून लागले, चीफ इंजिनिअर होऊन निवृत्त झाले. भाची चाकणच्या वाहन उद्योगात पुरवठ्याचं काम शिकली आणि आता मामांच्याच कारखान्यात परचेस ऑफिसर आहे. मे महिना आहे. हंगाम संपलाय, मिल उघडून ठेवलीय, खात्यांच्या मागण्यांचा, म्हणजे इंडेंटचा, ढीग तिच्या टेबलावर आहे. संचालक मंडळाने तिला सांगितलंय की स्टोअरमधला माल वीस टक्क्यांनी कमी करा.

भाची : मामा, यादी बघितली. कितीतरी वस्तू तीन-तीन वर्षं जागच्या हललेल्या नाहीत. क्राउन पिनियनची एक जोडी तर मी शाळेत होते तेव्हापासून पडून आहे. हा सगळा सभासदांचा पैसा आहे.

मामा : हलली नाही म्हणजे लागणार नाही, असं कुणी सांगितलं तुला?

भाची : पैसा सांगतो. समजा, भाग दहा लाखांचा आहे. कर्जावर बारा टक्के व्याज. वर्षाला एक लाख वीस हजार. दहा वर्षं पडून राहिला तर सरळ व्याजानेच बारा लाख झाले, भागाच्या किमतीपेक्षा जास्त. त्यात जागा, विमा, गंज धरलेलाच नाही. आपण पूर्वहंगामी कर्ज काढतो, साखर तारण ठेवतो, आणि त्याच वेळी लोखंडात पैसा गाडून बसतो.

मामा : आता माझा हिशेब ऐक. कारखाना पाच हजार टन गाळपाचा. म्हणजे ताशी दोनशे आठ टन. पिनियनचा दात तुटला, दुसरी जोडी नाही. फाउंड्रीत ओतायची, मशीनिंग करायचं, दात पाडायचे, यात महिने जातात. शेजारून कुठून मिळाली, उतरवली, बसवली, तरी चार दिवस. चार दिवसांत जवळजवळ वीस हजार टन ऊस थांबला. तुझे बारा लाख कुठल्या कोपऱ्यात बसतील?

भाची : मामा, हा हिशेब सगळेच असा करतात, आणि तो फुगलेला असतो. वीस हजार टनांची साखर बुडाली असं नाही ना. गाळप पुढे गेलं, हंगाम चार दिवस लांबला. खरं नुकसान वेगळं काढायला हवं. तोडलेला ऊस सुकतो ते, बॉयलर पुन्हा पेटवायला लागणारा बगॅस, त्या दिवसांत न विकलेली वीज, बसून दिलेले पगार. ते मोठंच आहे, पण पूर्ण विक्रीच्या रकमेएवढं नाही. नुकसान फुगवून दाखवलं की मग प्रत्येक नटबोल्ट वाजवी ठरतो.

मामा : बरोबर आहे, फुगवू नये. पण तू मोजलंस त्यात एक राहिलं. तोडलेला ऊस चोवीस तासांत गाळला पाहिजे. नंतर त्यातली साखर फुटायला लागते, वजनही उतरतं. फेब्रुवारीनंतरच्या उन्हात तर डोळ्यांदेखत. आणि शेतकऱ्याला पैसे वजनावर मिळतात. गाडी काट्यावर चढण्याआधी दोन दिवस उभी राहिली, तर तो तोटा कारखान्याच्या कुठल्याच वहीत येत नाही. तो शेतकऱ्याच्या घरी जातो.

इथे मला मध्ये बोलल्याशिवाय राहवत नाही. तोटा आणखी एका ठिकाणी जातो. बीडकडून आलेलं ऊसतोड जोडपं टनावर मजुरी घेतं. मिल बंद तर तोड बंद, तोड बंद तर मजुरी बंद. मुकादमाकडून घेतलेली उचल मात्र थांबत नाही. कारखान्याच्या स्टॉपेज रजिस्टरमध्ये रकाने असतात: ऊस नाही, मेकॅनिकल, इलेक्ट्रिकल, प्रोसेस, साफसफाई. प्रत्येकासमोर तास आणि मिनिटं लिहितात. पाल टाकून बसलेल्या कुटुंबाच्या बुडालेल्या दिवसाला त्या रजिस्टरात रकाना नाही. सुट्या भागांचा वाद पैशाचाच आहे, पण कुणाच्या पैशाचा, हे विचारल्याशिवाय तो पुरा होत नाही.

भाची : हे मला मान्य आहे. सभासदांचाच कारखाना, त्यामुळे दोन्ही बाजूंचा खर्च त्यांच्याच माथी. विठ्ठलराव विखे पाटलांनी आणि धनंजयराव गाडगीळांनी 1950 साली प्रवरेला कारखाना उभा केला तो शेतकऱ्याची मालकी यावी म्हणून. मालक म्हटलं की बंद मिलही त्याची आणि पडून राहिलेली पिनियनही त्याचीच. म्हणून तर म्हणते, ठेवायचं ते नीट कारण देऊन ठेवा. आज काय होतं? यादीचे तीन भाग करा म्हटलं, ज्याशिवाय मिल चालणार नाही ते, जे लागेल ते आणि असलं तर बरं ते. तर प्रत्येक खात्याने आपल्या सगळ्या वस्तूंसमोर पहिलाच शिक्का मारून पाठवला.

मामा : मारणारच. स्टोअरमध्ये माल जास्त आहे म्हणून आजवर कुणाला मेमो मिळालेला नाही. मिल बंद पडली की रात्री तीनला चेअरमनचा फोन येतो, तो चीफ इंजिनिअरला. तू म्हणतेस तसं कमी ठेवायचं असेल, तर कमी ठेवल्यामुळे बंद पडलेल्या मिलची जबाबदारी परचेस आणि अकाउंट्सनेही घ्यायला हवी.

भाची : घेते. लेखी घेते. पण मग निर्णयही एकत्र व्हायला हवा. इंडेंट वरून खाली सरकत येतं आणि मी त्यावर फक्त कोटेशनं मागवते, असं नको.

मामा : चाकणला कसं करायचीस?

भाची : तिथे उत्पादनाचा माल तासांच्या हिशेबाने यायचा. गाडी दारात लागली की थेट लाइनवर.

मामा : ते टोयोटाचं तंत्र. मला ठाऊक आहे त्याचं काय झालं ते. फेब्रुवारी 1997 मध्ये जपानात आयसिनच्या कारखान्याला आग लागली. ब्रेकमधला एक छोटा व्हॉल्व्ह, टोयोटाला लागणारे जवळजवळ सगळे तिथेच व्हायचे. टोयोटाकडे साठा काही तासांचा. एवढ्याशा व्हॉल्व्हपायी देशभरचे त्यांचे कारखाने थांबले.

भाची : पूर्ण सांगा ना मग. आठवड्याभरात ते पुन्हा चालू झाले. दोनशेच्या वर कंपन्या मदतीला धावल्या. ज्यांनी आयुष्यात तो व्हॉल्व्ह केला नव्हता, त्यांनी ड्रॉइंग घेऊन आपल्या मशीनवर पाडून दिला. करार नंतर झाले, पैशाचं बोलणं नंतर झालं. साठा नव्हता, पण माणसं जोडलेली होती. आपल्याकडे काय आहे? ज्या फाउंड्रीकडून रोलर घ्यायचा, तिचं मागच्या वर्षीचं बिल अजून थकलेलं आहे.

मामा काही क्षण गप्प राहिले. साखर कारखान्यांच्या पुरवठ्यातलं हे सगळ्यांत दुखरं ठिकाण आहे, म्हणून जरा थांबून सांगतो. 1966 च्या ऊस नियंत्रण आदेशाप्रमाणे ऊस आल्यापासून चौदा दिवसांत शेतकऱ्याला पैसे द्यायचे असतात. साखर विकून येणारा पैसा आधी तिकडे आणि बँकेकडे जातो, आणि तसंच व्हायला हवं. उरलेल्यातून सुट्या भागांवाल्यांची पाळी येते. लहान उद्योगांना 45 दिवसांच्या आत पैसे मिळालेच पाहिजेत, असा कायदा 2006 पासून आहे. तरी कोल्हापूर-सांगलीतल्या एखाद्या लहान वर्कशॉपच्या मालकाला विचारलं, तर तो बिलांची फाइल काढून दाखवतो. मग एप्रिलमध्ये सगळे कारखाने एकाच वेळी रोलरच्या शेलची, शाफ्टची, चेनची ऑर्डर घेऊन त्याच फाउंड्र्यांच्या दारात उभे राहतात. पहिला नंबर लागतो तो वेळेवर पैसे देणाऱ्याचा. ज्याची थकबाकी आहे त्याचा माल दसऱ्याला बॉयलर पेटवायची वेळ आली तरी मशीनवरच असतो. यात त्या फाउंड्रीवाल्याचं काही चुकलं असं मला वाटत नाही.

मामा : खरं आहे. आम्ही वर्षानुवर्षं जास्त माल मागवून ठेवला त्यामागे हेही होतं. वेळेवर येईल याचा भरवसा नव्हता. दोन लागणार असतील तर चार लिहायचे, म्हणजे मंजुरीत दोन तरी राहतात.

भाची : आणि पुढच्या वर्षी मंडळ म्हणतं, हे नेहमी दुप्पट मागतात, निम्मं कापा. मग तुम्ही आठ लिहिता. आकड्यांवर कुणाचाच विश्वास उरत नाही. मामा, मला वाटतं मी पहिला पैसा स्टोअरमध्ये न घालता थकबाकी फेडण्यात घालावा. बारा आठवड्यांनी येणारा रोलर आठ आठवड्यांत यायला लागला, तर तेवढा साठा आपोआप कमी होतो.

मामा : हे मंडळाला पटवून दाखव, मी तुझ्या बाजूने येऊन बसतो. पण थकबाकी फेडली म्हणून पिनियन आठ तासांत येणार नाही. लोखंड ओतायला, थंड व्हायला त्याचा वेळ लागतोच.

भाची : म्हणून मी वेगळा प्रश्न विचारते. भाग किती किमतीचा आहे, किती वेळा हलतो, हे बाजूला ठेवा. हा भाग मोडण्याआधी इशारा किती दिवस आधी देतो? आणि ऑर्डर दिल्यापासून किती दिवसांत येतो? इशारा आधी मिळत असेल आणि माल त्याच्या आत येत असेल, तर साठवायची गरजच नाही. इशाऱ्याला वेळ कमी आणि मालाला जास्त, तर तो कितीही महाग असो, कितीही वर्षं न हललेला असो, ठेवायचा.

मामा : आता माझ्या कामाचं बोललीस. सांग, कुठला भाग.

भाची : बॉयलरचा धूर ओढणाऱ्या आयडी फॅनचा इम्पेलर.

मामा : उसाबरोबर माती येते, माती बगॅसमधून बॉयलरमध्ये जाते, राखेतली वाळू इम्पेलरची पाती खाते. एकाएकी मोडत नाही. पाती पातळ होतात, तोल जातो, फॅन हादरायला लागतो. रोज कंपन मोजलं तर दोन-तीन आठवडे आधी कळतं.

भाची : आणि नवीन यायला?

मामा : पाच-सहा आठवडे. म्हणजे ठेवायचा.

भाची : ठेवायचा. मिलच्या रोलरचा शाफ्ट?

मामा : शाफ्टमधली भेग हळूहळू वाढते. ऑफ सीझनला अल्ट्रासॉनिकने तपासला, जर्नल मापला, तर पुढचा हंगाम काढेल की नाही ते आधीच कळतं. भेग नसलेला शाफ्ट डिसेंबरात तुटणं विरळ. पण मिल ओढताना लोखंडाचा तुकडा उसातून आत गेला, तर काही सांगता येत नाही. एक तयार रोलर तरी असलाच पाहिजे.

भाची : एक. आपल्याकडे तीन आहेत.

मामा : दोन वेगवेगळ्या मापांच्या मिल आहेत, म्हणून दोन.

भाची : चालेल, दोन. ऊस कुटणाऱ्या फायब्रायझरचे हॅमर?

मामा : ते तर झिजायलाच असतात. हार्डफेसिंग करून परत लावायचे. झीज डोळ्यांना दिसते, आठवड्याचा खप ठरलेला. ते तुझ्या सूत्राने मागव, कितीही कमी ठेव.

भाची : हॅरिस नावाच्या इंजिनिअरचं 1913 चं सूत्र तिथे बरोबर बसतं. खप ठरलेला, ऑर्डरचा खर्च ठरलेला, एका वेळी किती मागवायचं ते निघतं. पण तेच सूत्र पिनियनला लावलं की फसतं. पिनियनचा खप शून्य, शून्य, शून्य, शून्य, एक. त्याची सरासरी काढली तर वर्षाला शून्य पूर्णांक दोन. इतकी पिनियन कुणी विकत नाही. क्रॉस्टन नावाच्या अभ्यासकाने 1972 मध्ये हेच मांडलं, की असा तुटक खप असेल तेव्हा किती लागतात आणि किती काळाने लागतात हे वेगवेगळं बघा. आमच्या कॉम्प्युटरमधलं सॉफ्टवेअर अजून सगळ्यांना एकच सरासरी लावतं आणि लाल दिवा दाखवतं. त्या लाल दिव्यावरूनच मंडळाने वीस टक्के ठरवलेत.

मामा : मग मी मघापासून काय सांगतोय?

भाची : तुम्ही सगळंच ठेवा म्हणताय. मी म्हणते, कुठलं ते ठरवा. आता मी विचारते ते तुमच्या यादीत कुठेच नाही. मिलच्या इलेक्ट्रिक ड्राइव्हचं कंट्रोल कार्ड.

मामा : ते इलेक्ट्रिकलवाल्यांचं.

भाची : तेच तर. ते इशारा देत नाही. आज चालतं, उद्या सकाळी मेलेलं असतं. परदेशातून यायचं, मॉडेल जुनं झालं तर कंपनी बनवायचंही थांबवते. आपल्या इशाऱ्याच्या आणि मालाच्या हिशेबात ते सगळ्यांत वर बसतं. किंमत पिनियनपेक्षा किती कमी! स्टोअरमध्ये एकही नाही. लोखंडाचे डोंगर आहेत, कारण स्टोअरची यादी टर्बाइनवर मिल चालायच्या त्या वेळी झाली. मिल बदलली, यादी तीच राहिली.

मामांनी हे लगेच मान्य केलं. यंत्र बदललं की सुट्या भागांची यादी नव्याने करायची असते, हे प्रत्येक इंजिनिअरला ठाऊक असतं. पण नवीन यंत्राच्या उद्घाटनाला वेळ असतो, जुन्या यंत्राचे भाग यादीतून काढायला कुणाला नसतो.

मामा : बरं, आता माझं ऐक. तू म्हणतेस इशारा. इशारा बघायला माणूस लागतो. कंपन मोजायचं यंत्र तुझ्या कारखान्यात आहे, पण कपाटात. ग्रीस कधी भरलं याची नोंद नाही. इशारा मिळेल म्हणून तू भाग कमी केलेस आणि इशारा कुणी ऐकलाच नाही, तर?

भाची : मग साठा कमी करायचा नाही. जिथे मोजणी चालू होईल तिथेच कमी करायचा. हे मी कागदावर घेते.

मामा : आणि ऑफ सीझनला सगळं उघडून जे बदलतो, ते थांबवू नकोस.

भाची : त्यावरही मला बोलायचंय. 1978 मध्ये युनायटेड एअरलाइन्सच्या नोलन आणि हीप यांनी विमानांच्या भागांचा अभ्यास केला. वयाप्रमाणे झिजून मोडणारे भाग फक्त अकरा टक्के निघाले. बाकीच्यांना ठरावीक काळाने बदलून फायदा नव्हता. उलट नवीन बसवलेला भाग सुरुवातीलाच बिघडतो, असं पुष्कळ ठिकाणी दिसलं. आपल्याकडे हंगामाच्या पहिल्या पंधरवड्यात मिल जास्त का थांबते, याचं उत्तर त्यात असेल.

मामा : विमानात वाळू जात नाही. ट्रॅश प्लेट, रोलरचे दात, चेनच्या पिना, यांना ऊस आणि माती घासून खातात. यात तुझे अकरा टक्के नाहीत, नव्वद असतील. तू तुझ्या विमानाच्या हिशेबाने ट्रॅश प्लेट पुढच्या वर्षावर ढकललीस, तर जानेवारीत मिलमधून ओलाच बगॅस बाहेर पडेल. मात्र बेअरिंगबद्दल तुझं खरं असू शकेल. चांगलं चालणारं बेअरिंग आम्ही नुसतं साल झालं म्हणून उतरवलं, नवीन ठोकून बसवलं आणि तेच गरम झालं, असं मी पाहिलंय. बसवताना घाण गेली की संपलं.

भाची : मग बेअरिंग मोजून बदलायची, ट्रॅश प्लेट मापून बदलायची. दोन्हींना एकच नियम नको.

मामा : बेअरिंगवरून आठवलं. एसकेएफ ही कंपनी कशी झाली, माहीत आहे? स्वीडनमध्ये गोथेनबर्गच्या एका कापड गिरणीत विंगक्विस्ट नावाचा तरुण इंजिनिअर होता. गिरणीखाली चिकणमाती, जमीन खचायची, शाफ्टची रेघ बिघडायची, बेअरिंग जायची. नवी मागवली की यायला फार दिवस. त्या खोळंब्याला कंटाळून त्याने शाफ्टबरोबर स्वतः वळणारं बेअरिंग काढलं. 1907 ची गोष्ट. आज चिंचवडलाही त्यांचा कारखाना आहे. सुट्या भागाची वाट बघत बसलेला माणूस कधीकधी असंही करतो.

भाची : आणि आपल्या स्टोअरमध्ये बेअरिंगचा काय गोंधळ आहे, बघा. 22220. शेवटचे दोन आकडे वीस, गुणिले पाच, म्हणजे भोक शंभर मिलिमीटरचं. हे सगळ्या कंपन्यांचं सारखं. पण आपल्या लेजरमध्ये हे एकच बेअरिंग चार जागी आहे. एकदा 22220, एकदा 'स्फेरिकल बेअरिंग केन कॅरियर', एकदा कंपनीच्या नावाने, एकदा यंत्राच्या पुरवठादाराने दिलेल्या त्याच्या स्वतःच्या नंबरने, तेही जास्त भावाने. एका बिनमध्ये सहा पडलेत आणि दुसऱ्या कोडवर 'शिल्लक नाही' म्हणून मी गेल्या महिन्यात तातडीने दोन मागवलीत.

मामा : शेवटचं अक्षर बघितलंस का? के असेल तर भोक निमुळतं असतं. सरळ शाफ्टवर बसत नाही, स्लीव्ह लागते. एका अक्षराने रात्रभर मिल बंद राहते. म्हणून जुना स्टोअरकीपर पेटी उघडून हाताने बघायचा.

भाची : तो निवृत्त झाला की ते हातही गेले. मला हा उन्हाळा दुसरं काही नको. मला दोन फिटर, एक स्टोअर क्लार्क आणि कॅलिपर द्या. प्रत्येक बिन उघडून, भाग मोजून, नंबर वाचून एकच कोड लावायचा. मला खात्री आहे, वीस टक्क्यांतला मोठा वाटा एकही भाग न विकता, नुसता दुबार खरेदी थांबवून निघेल.

मला स्वतःला या संवादातलं हे सगळ्यांत महत्त्वाचं वाटतं. साठा किती असावा यावर परिषदा होतात, सॉफ्टवेअर विकलं जातं. साठ्यात काय आहे हे नीट ठाऊक असणं त्याच्या आधीचं काम आहे. ते कंटाळवाणं आहे, धुळीचं आहे, आणि ते करणाऱ्या क्लार्कला कुठल्याच अहवालात जागा मिळत नाही.

मामा : फिटर मी सांगतो, कोण द्यायचे ते. आणखी एक बघ तेव्हाच. नुसतं आहे की चांगलं आहे? मोटारी वर्षानुवर्षं एकाच जागी ठेवल्या की बेअरिंगवर एकाच ठिकाणी दाब पडून खाचा पडतात. महिन्याला शाफ्ट हाताने फिरवायला हवा. व्ही-बेल्ट खिडकीच्या उन्हात तडकतात. वेल्डिंगच्या कांड्या पावसाळ्यात ओल पितात. शाफ्टवरचं गंजरोधक पुसलं गेलं की जर्नलला गंज.

भाची : म्हणजे तुमची पिनियन दहा वर्षं जपली नसेल तर ती घरातल्या मुदत संपलेल्या औषधासारखी. आहे असं वाटतं, पण गरजेला उपयोग नाही.

मामा : पिनियनला मी स्वतः ग्रीस लावून गोणपाटात गुंडाळलंय. चल दाखवतो.

भाची : विश्वास आहे. पण ती आपल्या एकट्याची का असावी? पंचवीस-तीस किलोमीटरवर तुमच्याच काळातले कारखाने आहेत. सगळ्यांच्या पिनियन एकाच रात्री तुटत नाहीत. ढोबळ नियम वर्गमुळाचा आहे. नऊ कारखान्यांनी नऊ ठेवण्याऐवजी एकत्र तीन ठेवल्या, तरी जवळपास तेवढीच खात्री मिळते. विमान कंपन्या परस्परांत भाग असेच वापरतात.

मामा : आम्हीही वापरायचो. रात्री शेजारच्या चीफ इंजिनिअरला फोन, ट्रक पाठव, रोलर घेऊन ये. कागद नाही, सही नाही. हंगाम संपल्यावर नवीन आला की परत. माझ्या शब्दावर मिळायचा, त्याच्या शब्दावर मी द्यायचो. तू हे ठरावात बसवायला गेलीस तर दोन चेअरमन एकमेकांच्या विरोधात निवडणुकीला उभे असतील, आणि पिनियन अडकेल.

भाची : आणि कागद नसला तर तुमच्यानंतर तो शब्द कुणाला माहीत? मागच्या हंगामात आपण शेजारी दिलेला टेल बार अजून आलेला नाही. आपल्या लेजरवर तो शिल्लक दिसतो. उद्या लागला तर मी रिकाम्या जागेकडे बघत उभी राहीन.

मामा : बरं. एका पानाचा कागद कर. कुठला भाग, कुणाकडे, किती दिवसांत परत, वाहतूक कुणाची. चेअरमनच्या सह्या नकोत. दोन्हीकडचे चीफ इंजिनिअर आणि स्टोअरकीपर सही करतील, कार्यकारी संचालक प्रत ठेवतील. पण आधी मापं जुळतात का ते बघ. दातांची संख्या, मॉड्यूल, रुंदी. प्रत्येक कारखान्याने गेल्या चाळीस वर्षांत आपापल्या सोयीने बदल केलेत. नऊतले चार जुळले तरी पुष्कळ.

भाची : चारांत दोन ठेवू. आणि तोपर्यंत?

मामा : तोपर्यंत माझी जोडी हलवायची नाही.

भाची : हलवत नाही. पण तिचं ड्रॉइंग करून घेते. उद्या ती लागली आणि वापरली गेली, तर दुसरी ओतायला निदान माप हातात असेल. आज मूळ ड्रॉइंग सापडत नाही, तो दात मापणारा माणूस फक्त तुम्हीच आहात.

मामा : गुरुवारी येतो. गिअर टूथ व्हर्नियर माझ्याकडे आहे.

भाची : मंडळापुढे मी वीस टक्के असं लिहीत नाही. तीन कागद देते. दुबार कोड काढून किती वाचले, हा पहिला. थकबाकी फेडल्यावर कुठल्या भागांचे किती आठवडे कमी होतील, हा दुसरा. तिसऱ्यावर ठेवायच्याच अशा वस्तू, प्रत्येकीसमोर इशारा किती दिवस, माल किती दिवस, आणि खाली तुमच्या जागी आलेल्या चीफ इंजिनिअरची आणि माझी, दोघांची सही.

मामा : त्यात ड्राइव्हचं कार्ड पहिलं लिही.

भाची : त्याची ऑर्डर बैठकीला थांबत नाही. माझ्या अधिकारात बसते, आज जाईल. आणि तिसरा रोलर फाउंड्रीला दाखवते. शेल काढून शाफ्ट आपल्या दुसऱ्या मिलच्या मापाला उतरवता आला, तर यंदा एक नवा शाफ्ट घ्यायला नको.

मामा : आधी अल्ट्रासॉनिक कर. नऊ हंगाम चाललेला शाफ्ट आहे तो.